वाळा की पोवळा?

लातूरच्या आमच्या जुन्या घरात पावसाळा सुरू झाला की न्हाणीच्या मोरीतून हमखास वाळा निघायचा. गांडुळासारखा, बिनविषारी. आबा कंदील जवळ नेऊन त्याला नीट न्याहाळायचे, मग चिमटीत धरून परसात सोडायचे. "वाळा हाय, काही करत नसतो," हे ऐकतच आम्ही भावंडं मोठी झालो.

परवा नांदेडहून चुलतभावाने फोटो पाठवला. पुतणीने कुंडीखालचा 'वाळा' काडीवर उचलला होता. फोटो मोठा करून पाहिला आणि पोटात गोळा आला. डोकं-मान काळी, त्यावर पिवळसर ठिपके. शेपटीवर दोन काळे पट्टे, आणि ती शेपटी वळवून वर धरलेली, खालून निळसर. वाळ्याची दोन्ही टोकं सारखीच बोथट, डोळे म्हणजे नुसते ठिपके. हा तर पोवळा! नाग-मण्यारीच्या कुळातला विषारी साप. पोट पोवळ्यासारखं तांबडं, म्हणून हे नाव.

फोन करून पोरीला लांब केलं आणि मग रात्री वाचत बसलो. विषारी साप लोकांनी ओळखायचा कसा, हा प्रश्न ईस्ट इंडिया कंपनीच्या पॅट्रिक रसेल यांनाही पडला होता. 1787 साली त्यांनी त्यावर टिपण लिहिलं, 1796 मध्ये भारतीय सापांचा सचित्र ग्रंथ काढला. पण सगळ्या विषारी सापांना लागू पडेल अशी बाहेरची सोपी खूण काही त्यांना सापडली नाही. खात्री करायची तर दात बघा! पुढे 1802 मध्ये जॉर्ज शॉ यांनी पोवळ्याला 'मेलान्युरस' म्हटलं, म्हणजे काळ्या शेपटीचा. खूण नावातच आली.

अमेरिकेत तांबडा आणि पिवळा पट्टा शेजारी असला तर साप विषारी, असं मुलांना शिकवतात. ते इथे कामाचं नाही. आपल्या पोवळ्याचा तांबडा रंग पोटाखाली असतो.

तोंड लहान, स्वभाव भित्रा, त्यामुळे तो क्वचितच चावतो. पण आपल्याकडची सापाच्या विषावरची लस नाग, मण्यार, घोणस आणि फुरसं या चौघांच्या विषापासून बनते. पोवळा त्यात नाही.

आबांचं काही चुकलं नव्हतं. आम्ही त्यांचं वाक्य तेवढं लक्षात ठेवलं, कंदील विसरलो. पुतणीला आता सांगितलंय, साप दिसला की लांब उभं राहायचं आणि सर्पमित्राला बोलवायचं.

असो. तुमच्या घरी वाळा निघतो का? एकदा शेपटीकडे बघा. लांबूनच!