गुजराथच्या सुलतानांचा गमावलेला किनारा

बोईसरजवळचें सरावली, शेजारचें तारापूर आणि दक्षिणेकडील केळवें-माहीम हा मुलूख आज कारखान्यांमुळें व आगगाडीमुळें सर्वांस परिचित आहे. परंतु पोर्तुगीज अमलापूर्वीं या उत्तर कोंकणच्या किनाऱ्यावर शंभरांहून अधिक वर्षें अहमदाबादच्या सुलतानांची सत्ता होती, याचें स्मरण थोड्यांसच असेल.

तैमूरच्या १३९८ च्या स्वारीनें दिल्लीची सत्ता खिळखिळी झाली. तेव्हां गुजराथचा सुभेदार जाफरखान यानें १४०७ मध्यें मुजफ्फरशहा हें नांव धारण करून स्वतंत्र राज्य स्थापिलें. त्याचा नातू अहमदशहा यानें १४११ मध्यें अहमदाबाद वसविलें, आणि मुंबईनजीकचें माहीम बहामनी सैन्यानें घेतलें असतां तें परत मिळविलें. महमूद बेगडा (१४५९ ते १५११) यानें जुनागड व चांपानेर जिंकून राज्यास कळसास नेलें. या वैभवाचा पाया केवळ शेतसाऱ्याचा नव्हता. खंबायतच्या बंदरांतून कापड तांबड्या समुद्राकडे व मलाक्याकडे जाई, आणि त्यावरील जकातीनें सरकारी खजिना भरे.

याच दर्यावर पोर्तुगीजांनीं हक्क सांगितला. १५०९ मध्यें दीवजवळ त्यांनीं गुजराथ, मिसर व कालिकत यांच्या संयुक्त आरमाराचा पराभव केला. तरीही सुलतानांची दृष्टि जमिनीवरच खिळलेली राहिली. बहादूरशहानें १५३१ मध्यें माळवा खालसा केला आणि चितोडकडे मोर्चा वळविला. उत्तरेकडून हुमायूनचें संकट वाढत होतें. समुद्राकडून नुनो द कुन्या यानें १५३३ मध्यें वसईची तटबंदी उद्ध्वस्त केली. दोन शत्रूंशीं एकदम लढणें अशक्य, म्हणून सुलतानानें २३ डिसेंबर १५३४ रोजीं तह करून वसई व तिच्या ताब्यांतील मुलूख, मुंबई बेटासह, पोर्तुगीजांस दिला. तांबड्या समुद्राकडे जाणाऱ्या गुजराथी जहाजांनीं वसईस परवाना घ्यावा, हेंही कबूल केलें.

येवढी किंमत देऊनही बचाव झाला नाहीं. १५३५ मध्यें हुमायूननें चांपानेर घेतलें. तोफखान्याचा मुख्य रूमीखान शत्रूस मिळाला. दीवास आश्रय घेतलेल्या बहादूरशहास तेथें पोर्तुगीजांना किल्ला बांधूं देणें भाग पडलें. हुमायून परतल्यावर त्यानें राज्य पुन्हां मिळविलें खरें. परंतु फेब्रुवारी १५३७ मध्यें दीवच्या समुद्रांतच पोर्तुगीजांशीं झालेल्या झटापटींत तो मारला गेला. पुढें गादीवर दुर्बळ राजे आले, सरदारांनीं मुलूख वांटून घेतला. १५५९ मध्यें दमणही गेलें. अखेर सरदार इतिमादखानानेंच अकबरास बोलाविलें, आणि १५७२-७३ मध्यें गुजराथ मोंगल सुभा झाला.

केवळ किनारा गेल्यानें हें राज्य बुडालें, असें म्हणणें योग्य होणार नाहीं. घरांतील फूट हेंही तितकेंच बलवान कारण होय. तथापि ज्या दर्यानें संपत्ति दिली त्याच्या रक्षणाची उपेक्षा झाली, आणि अडचणींत तोच प्रथम विकावा लागला. त्या व्यवहारांत येथील आगरी, कोळी व भंडारी यांस कोणीं विचारलें नाहीं. पुढें दोन शतकें त्यांनीं परकीय तटांच्या छायेंत काढलीं. जानेवारी १७३९ मध्यें चिमाजी आप्पांच्या फौजेनें तारापूरचा कोट घेतला, तेव्हां बाजी भिवराव तेथें पडले. मे महिन्यांत वसई आली. सुलतानानें एका तहानें दिलेला किनारा परत घेण्यास असें रक्त द्यावें लागलें.