मार्तँ, काँस्ताँ

(1910–95). क्लॅव्हिओलीन या आरंभीच्या इलेक्ट्रॉनिक वाद्याचे फ्रेंच जनक. व्हर्साय येथे 1947 साली त्यांनी ते सिद्ध केले. चर्चसाठी घंटानाद काढणारी विद्युत् यंत्रेही त्यांनी बनवली.

क्लॅव्हिओलीन पियानोला जोडून वाजवायचे छोटे वाद्य होते. तीन सप्तकांच्या पट्ट्या, व्हॉल्व्हवर चालणारा आंदोलक आणि वेगळ्या पेटीत ॲम्प्लिफायर व स्पीकर. खटक्याने सप्तक वरखाली केले की आवाका पाच सप्तकांवर जाई. पट्ट्यांखालची दांडी गुडघ्याने रेटून आवाज लहानमोठा करत. आंदोलकातून निघणारा नाद उपस्वरांनी गच्च भरलेला. समोरच्या खटक्यांनी त्यांतले नको ते गाळले की निरनिराळ्या वाद्यांच्या जवळचे रंग मिळत. एका वेळी एकच स्वर वाजे. पाश्चात्त्य वादकाला ही उणीव वाटली, तरी आपल्या एकेरी सुरावटीच्या चालींना तिची अडचण नव्हती. मींड मात्र पट्ट्यांतून निघत नाही, हा हार्मोनियमवरचा जुना आक्षेप येथेही लागू पडतो.

भारतात हे वाद्य रुजवण्याचे श्रेय मुंबईच्या कल्याणजी वीरजी शाह (1928–2000) यांच्याकडे जाते. हेमंतकुमार यांच्या संगीताच्या ‘नागिन’ (1954) या चित्रपटातील बीन ही गारुड्याची पुंगी नव्हे, कल्याणजींचे क्लॅव्हिओलीन होय. हेमंतकुमार यांचे साहाय्यक रवी यांच्या हार्मोनियमची तीत जोड होती, असे सांगतात. कोणाचा वाटा किती, याबाबत आठवणी जुळत नाहीत. पुंगीचा नाकातला, किंचित थरथरता सूर उपस्वरांच्या गर्दीमुळे आणि वाद्यातील कंपनाच्या सोयीमुळे इतका हुबेहूब उतरला, की पुढे पडद्यावरच्या नागांना खरी पुंगी क्वचितच लाभली. कोल्हापूरकडच्या वरातीत बँडवाले ही धून क्लॅरिनेटवर, तर बेंजो पार्टीवाले कॅसिओवर घेतात. दातांत रुमाल धरून रस्त्यावर लोळणाऱ्या करवल्याला मार्तँ ठाऊक असण्याचे कारण नाही. ‘नागिन’साठी हेमंतकुमारांना फिल्मफेअर पारितोषिक लाभले. कल्याणजी पुढे धाकटे बंधू आनंदजी यांच्यासह संगीतकार झाले.

इंग्लंडमध्ये सेल्मर व अमेरिकेत गिब्सन या कंपन्यांनी क्लॅव्हिओलीन विकले. बीटल्सने 1967 मध्ये ते एका गाण्यात वापरले. ‘टेलस्टार’ (1962) या धुनेतही तेच असावे, असे बहुतेक मानतात. सिंथेसायझर आल्यावर ते मागे पडले.