त्रेचाळीस वर्षे नोंदीबाहेर : गुप्तहेर रिप कर्बी

१/ नाशिकच्या एखाद्या जुन्या वाड्यात माळा आवरताना दिवाळी अंकांच्या गठ्ठ्यात 'इंद्रजाल कॉमिक्स' सापडू शकते. त्यात चष्मा लावणारा, पाइप ओढणारा गुप्तहेर रिप कर्बी भेटला, तर अंक रद्दीत घालू नये. कर्बीवरील ज्ञानकोशीय नोंद सुधारण्याचे ते अस्सल साधन आहे.

२/ कर्बी प्रथम अवतरला तो ४ मार्च १९४६ रोजी, अमेरिकी वृत्तपत्रांत. 'फ्लॅश गॉर्डन'चे चित्रकार अ‍ॅलेक्स रेमंड दुसऱ्या महायुद्धात मरीन दलात होते. त्यांचा हा नवा नायकही मरीन दलातूनच परतलेला. मुष्टिबळापेक्षा बुद्धीवर त्याची भिस्त. सोबतीला डेस्मंड हा सेवक, पूर्वाश्रमीचा चोर!

३/ ६ सप्टेंबर १९५६ रोजी मोटार अपघातात रेमंड मृत्यू पावले. वय अवघे ४६. मालिका जॉन प्रेंटिस यांनी हाती घेतली आणि १९९९ मध्ये ती संपेपर्यंत सांभाळली; त्याच वर्षी त्यांचेही निधन झाले.

४/ आता हिशेब पाहा. रेमंड यांची वर्षे दहा, प्रेंटिस यांची त्रेचाळीस. 'रिप कर्बी ही रेमंड यांची चित्रमालिका' हे विधान असत्य नाही. पण नोंद तेथेच थांबली, तर एका माणसाचे आयुष्यभराचे श्रम पुसले जातात.

५/ टाइम्स ऑफ इंडिया समूहाचे 'इंद्रजाल' मार्च १९६४ मध्ये सुरू झाले व १९९० मध्ये थांबले. वेताळ, मँड्रेक, कर्बी यांच्या कथा तेथे पुनर्मुद्रित होत. त्यांत फेरफारही होत : वेताळाचा मूळ देश 'बंगाला' येथे 'डेंकाली' झाला. कर्बीची मूळ दैनिक मालिका कृष्णधवल होती. म्हणून इंद्रजालमधील रंगांचे श्रेय रेमंड वा प्रेंटिस यांना देता येत नाही.

६/ तेव्हा नोंद सुधारताना तीन प्रश्न वेगळे ठेवावेत. ही कथा कोणी रेखाटली? वृत्तपत्रात केव्हा आली? इंद्रजालमध्ये केव्हा छापली गेली? अंकाचा क्रमांक आणि दिनांक टिपावा. चौकटीत चित्रकाराची सही उरली असल्यास तीही पाहावी.

७/ श्रीधर व्यंकटेश केतकरांना ज्ञानकोशासाठी मंडळ उभारावे लागले. मराठी विकिपीडिया २००३ पासून सर्वांना खुला आहे. प्रेंटिस यांचे नाव तेथे लिहिण्यास एक ओळ पुरेशी आहे. ती माळ्यावरचा अंक उघडणाऱ्याने लिहावी.