क्लबचा परवाना पाहुण्याला पुरत नाही

नागपूर : सिव्हिल लाइन्समधील सी. पी. क्लब असो वा शहरातील अन्य खासगी क्लब, सदस्यत्व म्हणजे मद्यपानाची मुभा नव्हे. १९४९ च्या दारूबंदी कायद्यानुसार राज्यात बंदी हा नियम, तर परवाना हा अपवाद आहे. १९५३ च्या विदेशी मद्य नियमांन्वये परमिट रूमला ‘एफएल-३’, तर क्लबला ‘एफएल-४’ अनुज्ञप्ती राज्य उत्पादन शुल्क विभागाकडून घ्यावी लागते. ती केवळ विक्रीपुरती असते. पिणाऱ्या प्रत्येकाकडे, मग तो सदस्य असो वा पाहुणा, स्वतःचा परवाना हवाच. सौम्य बीअरसाठी २१, तर व्हिस्की-रमसारख्या कडक मद्यासाठी २५ वर्षे वय पूर्ण असणे आवश्यक आहे. त्यामुळे क्लबमध्ये पाहुण्यास नेताना सदस्याने प्रथम त्याच्या परवान्याची चौकशी करणे हिताचे.