मंदाकिनी फाळके, वय वर्षे सात

‘कालिया मर्दन’ ३ मे १९१९ रोजी गिरगावच्या मॅजेस्टिक सिनेमात लागला. दादासाहेब फाळक्यांच्या या मूकपटाचा बराच भाग आजही पाहता येतो. त्यात बाळकृष्णाचे काम दादासाहेबांची लेक मंदाकिनी हिने केले. तिच्या अभिनयाचा सर्वांत भरवशाचा पुरावा म्हणजे तो चित्रपटच.

गोष्ट सुरू होण्याआधी एक पाटी येते: सात वर्षांच्या मुलीचा मुद्राभिनय पाहा. मग पडद्यावर फक्त तिचा चेहरा. भाव एकामागून एक पालटत जातात, आणि मग तीच मुलगी कृष्णाच्या वेषात उभी राहते. कथेला या तुकड्याची काही गरज नाही. फाळक्यांनी तो मुद्दाम घातला. त्यात बापाचे कौतुक असेलच, पण मला दिग्दर्शकाचा विश्वास अधिक दिसतो. हे काम एक मुलगी करते आहे, हे त्यांनी प्रेक्षकाला आधीच सांगून टाकले. एवढे कळूनही प्रेक्षक तिच्यात कृष्ण पाहील, याची त्यांना खात्री होती.

पाटीवरचे वय आणखी काही सांगते. १९१९ मध्ये सात, म्हणजे जन्म १९११-१२ च्या सुमाराचा. १९१२ मध्ये दादरला मथुरादास माखनजींच्या बंगल्यात फाळक्यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’चे काम चालू होते. त्यांच्या पत्नी सरस्वतीबाई फिल्मला भोके पाडत होत्या, शिवाय सगळ्या मंडळींचा स्वयंपाक त्यांच्याकडेच. त्या धांदलीत मंदाकिनी तान्ही असणार. तारामतीच्या कामाला तेव्हा बाई मिळेना, म्हणून अण्णा साळुंक्यांना लुगडे नेसून उभे राहावे लागले. १९१३ च्या ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत आणि कमलाबाई या मायलेकी आल्या. त्यानंतर काही वर्षांतच घरची मुलगी देवाचे काम करू लागली.

त्या कृष्णाची कल्पना मात्र तिच्याहून जुनी असावी. ‘लाइफ ऑफ ख्राइस्ट’ पाहताना आपल्या डोळ्यांपुढे कृष्ण, राम, गोकुळ, अयोध्या येत होते, असे फाळक्यांनी पुढे ‘नवयुग’ मासिकातल्या लेखांत लिहिले. तो चित्रपट त्यांनी गिरगावातच पाहिला होता.

मंदाकिनीची खरी परीक्षा होते ती अखेरच्या भागात. आधीच्या खोड्यांत, रात्री श्रीमंत व्यापाऱ्याच्या शयनगृहात शिरण्याच्या प्रसंगातसुद्धा, मूल मूलपणावर निभावून जाऊ शकते. यमुनेच्या तळाशी कालियाशी झुंजताना तेवढे पुरत नाही. फाळके मध्येच काठावर येतात. तिथे जमलेले गोकुळ आणि कासावीस यशोदा दिसते, की पुन्हा पाण्याखाली. काठावरच्या मोठ्या माणसांचा आकांत खरा वाटायचा, तर खालची झुंज खेळ वाटून चालत नाही. तो भार सर्वस्वी मंदाकिनीवर आहे. ती हातपाय गाळत नाही, लाडिकपणाही करत नाही. फण्यावर उभी राहून वर येते तेव्हा तिच्या उभे राहण्यात ताठा आहे, आणि पहिल्या पाटीनंतरचा तो मुद्राभिनय ही नुसती हौस नव्हती, हे तिथे पटते.