रुमालाखालचा भाव

भाईंदर पूर्वेस जेसल पार्कच्या टोंकाशीं वसईची खाडी लागते. काठावर उभें राहिलें म्हणजे पलीकडे नायगांव-वसईचा किनारा आणि डाव्या हातास आगगाडीचा पूल दिसतो. या वस्तींत सायंकाळीं फळांच्या हातगाड्या लागतात. त्यांवरचें बहुतेक फळ नव्या मुंबईंतील वाशीच्या घाऊक बाजारांतून आलेलें असतें. गिऱ्हाईक डझनामागें दहा रुपये कमी करावयास सांगतें, गाडीवाला ‘आज मालच महाग लागला’ म्हणतो, आणि घासाघीस तेथेंच संपते. माल महाग लागला म्हणजे नेमकें काय झालें, तो भाव कोणीं व कसा ठरविला, हें त्या दोघांपैकीं एकालाहि नीट सांगतां येणार नाहीं. ज्यानें तें फळ पिकविलें त्याला तर कित्येक पिढ्या तें कळलेंच नाहीं. फळांच्या घाऊक भावाचा इतिहास लिहावयाचा म्हणजे तो आंकडा कोणाला, केव्हां आणि किती उशिरां कळला, हेंच मुख्यतः सांगावें लागतें.

खाडीच्या उत्तरेकडील वसईचा मुलूख हा मुंबईचा जुना पुरवठादार. विहिरींच्या पाण्यावर तेथें केळीच्या बागा जोपासल्या गेल्या. राजेळी, वेलची, मुठेळी हीं नांवें त्या बाजूस घरोघर ठाऊक. राजेळीचीं पिकलीं केळीं सोलून उन्हांत वाळविलीं कीं त्यांचीं सुकेळीं होत, आणि तीं बरेच दिवस टिकत. ही टिकण्याची गोष्ट दिसावयास लहान, पण भावाच्या दृष्टीनें फार मोठी आहे. ज्याच्या घरांत सुकेळीं आहेत तो ‘आज भाव बरा नाहीं, आठ दिवसांनीं पाहूं’ असें म्हणूं शकतो. पिकूं घातलेल्या घडाच्या मालकाला तें म्हणतां येत नाहीं. पूर्वीं या किनाऱ्याचा माल गलबतांतून मुंबईस जाई. सन १८६४ मध्यें बी. बी. सी. आय. रेल्वेचा मार्ग ही खाडी ओलांडून ग्रँट रोडपर्यंत पोहोंचला, आणि सन १८६७ मध्यें विरारपासून बॅक बेपर्यंत गाडी सुरू झाली. माल लवकर बाजारांत जाऊं लागला. मात्र बाजारांतला भाव तितक्याच लवकर बागेंत येऊं लागला, असें झालें नाहीं. भाईंदरच्या मिठागरांशेजारून गाडी दक्षिणेस निघे, तेव्हां टोपलींतल्या फळाची किंमत अजून ठरावयाचीच असे.

ती ठरे क्रॉफर्ड मार्केटांत. मुंबईचे पहिले म्युनिसिपल कमिशनर आर्थर क्रॉफर्ड यांच्या नांवाची ही मंडई सन १८६९ मध्यें उभी राहिली. इमारतीची आंखणी विल्यम एमर्सन यांची, आणि दरवाजावरील शिल्पपट्ट जॉन लॉकवुड किपलिंग यांचे. सन १८८२ मध्यें मुंबईंतले पहिले विजेचे दिवे याच मंडईंत लागले. पुढें दिवे पुरविणाऱ्या कंपनीचें दिवाळें निघालें आणि मंडई पुन्हां वायूच्या दिव्यांवर आली. पण दिवे विजेचे असोत कीं वायूचे, घाऊक भावाला त्यांचा उपयोग नव्हता. तो रुमालाखालीं ठरत असे.

या रीतीला बाजारांत ‘हत्ता पद्धत’ म्हणतात. दलाल आणि खरेदीदार समोरासमोर येतात, दोघांच्या हातांवर रुमाल किंवा उपरण्याचा पदर पडतो, आणि त्याखालीं बोटें धरून, दाबून, सोडून भावाची बोलणी चालते. एक बोट म्हणजे एक, सबंध पंजा म्हणजे पांच. तो एक म्हणजे दहा कीं शंभर, हें दोघांनाहि मालाकडे पाहून ठाऊक असतें. तोंडानें चकार शब्द निघत नाहीं. फार तर मान हलते. शेजारीं उभ्या असलेल्या तिसऱ्याला, मग तो खुद्द मालाचा धनी कां असेना, कांहीं कळत नाहीं. या रीतीचे समर्थकहि आहेत, आणि त्यांचें म्हणणें अगदींच फोल नाहीं. रोख देणाऱ्याला एक भाव, महिन्यानें देणाऱ्याला दुसरा, जुन्या गिऱ्हाइकाला तिसरा, असे निरनिराळे सौदे चारचौघांत ओरडून करतां येत नाहींत. आणि दिवस उगवतांना शेंकडों टोपल्या हलवावयाच्या तर बोटांइतकी जलद भाषा दुसरी नाहीं. पण ज्या व्यवहारांत विकणाऱ्याचा मुखत्यार विकत घेणाऱ्याशीं झांकल्या हातानें बोलतो, तेथें धन्याचें हित केवळ मुखत्याराच्या सचोटीवर टांगलेलें असतें, हें कोणालाहि पटावें.

धन्याला जें कळे तें पट्टीवरून. पट्टी म्हणजे दलालानें पाठविलेला हिशेबाचा कागद. वरती विक्रीची रक्कम. तिच्याखालीं दलाली, हमाली, तोलाई, गाडीभाडें अशी वजाबाकी. आणि तळाशीं उरलेला आंकडा. वजाबाकीच्या प्रत्येक रकमेस नांव असे. वरच्या विक्रीच्या रकमेस मात्र पुरावा नसे, कारण ती रुमालाखालून आलेली. मंदीच्या दिवसांत माल इतका पडेल भावानें जाई कीं खर्च वजा जातां शेतकऱ्याकडेच बाकी निघे. अशा पट्टीला ‘उलटी पट्टी’ असें नांव आहे. फळ पिकवून, तोडून, भरून पाठवावें आणि वर पैसे देणें लागावें, या प्रकाराला भाषेंत स्वतंत्र शब्द पडावा, यावरून तो किती वेळां घडला असेल याची कल्पना येते.

हें दुःख पहिल्यांदां मराठींत जोरानें मांडलें तें महात्मा जोतीराव फुले यांनीं. सन १८८३ मध्यें लिहिलेल्या ‘शेतकऱ्याचा असूड’ या ग्रंथांत, माळव्याची गाडी घेऊन शहरांत आलेल्या शेतकऱ्याच्या हातीं जकात आणि इतर खर्च भागवितां कांहींच कसें उरत नाहीं, याचें वर्णन आहे. पुढें मुंबईच्या क्रॉफर्ड मार्केटाला आणि पुण्याच्या रे मार्केटाला, दोहोंनाहि, त्यांचेंच नांव दिलें गेलें. मंडयांना याहून अडचणींत टाकणारें नांव सांपडणें कठीण होतें!

कायद्याचें लक्ष प्रथम गेलें तें कापसाकडे. वऱ्हाडांत सन १८९७ च्या कायद्यानें कापसाच्या व धान्याच्या बाजारांना नियम लावले. सन १९२७ मध्यें मुंबई इलाख्यांत कापूस बाजारांचा कायदा झाला, लिनलिथगो यांच्या अध्यक्षतेखालील शेतकी कमिशननें १९२८ च्या अहवालांत नियंत्रित बाजारांची शिफारस केली, आणि १९३९ मध्यें इलाख्यापुरता शेतमाल बाजारांचा कायदा आला. कापूस गिरण्यांना हवा होता, परदेशीं जात होता. त्याचा भाव जगाच्या पाठीवर कोणीतरी रोज पाहत होतें. फळाचें तसें नव्हतें. त्याचा सौदा सकाळीं झाला कीं दुपारीं माल फुटे आणि दुसऱ्या दिवशीं साली उकिरड्यावर जात. तपासावयास पुरावाच मागें उरत नसे. म्हणून पुण्याच्या गोखले अर्थशास्त्र संस्थेनें सन १९३३ मध्यें केलेल्या कामाचें महत्त्व विशेष आहे. धनंजयराव गाडगीळ आणि व्ही. आर. गाडगीळ यांनीं पुण्यांतील फळांच्या विक्रीव्यवस्थेची पाहणी करून ती ग्रंथरूपानें प्रसिद्ध केली. संस्था स्थापन होऊन तेव्हां तीनच वर्षें झालीं होतीं. नव्या संस्थेनें आरंभींच हाताशीं धरलेल्या विषयांत डाळिंबें व संत्रीं विकणाऱ्यांचा बाजार असावा, ही त्या काळीं अनेकांना चमत्कारिक वाटण्यासारखी गोष्ट होती.

भाव दूरवर पोहोंचविण्याचें एक साधन मात्र याच सुमारास मुंबईंत येऊन बसलें होतें. २३ जुलै १९२७ रोजीं मुंबईचें नभोवाणी केंद्र सुरू झालें. पुढें शेतकऱ्यांसाठींच्या कार्यक्रमांतून बाजारभाव वाचले जाऊं लागले, आणि पट्टी येण्याच्या आधींच भाव गांवांत येऊं लागला. तरीहि हापूस आंब्याच्या बाबतींत ऐकलेल्या आंकड्याचा अर्थ लावणें सोपें नव्हतें. आंबा विकला जातो पेटीवर. पण पेटी एकच असली तरी तींत चार डझन मावतात किंवा आठहि मावतात. चार डझनांचें फळ मोठें, म्हणून ती पेटी महाग; आठ डझनांची स्वस्त. ‘पेटीचा भाव अमुक ते अमुक’ असें ऐकून देवगडच्या बागायतदारानें वरचा आंकडा मनांत धरावा आणि पट्टींत खालचा यावा, असें वारंवार होई. आणि त्यांत लबाडी किती व फळाचा आकार किती, हें घरीं बसून ठरवितां येत नसे. मोहोर येण्यापूर्वींच फवारणी, पेट्या आणि तोडणीची मजुरी यांसाठीं त्यानें दलालाकडून उचल घेतलेली असे, हा तर मुख्य अडसर. उचल घेतली कीं फळ त्याच दलालाकडे गेलें पाहिजे. शेजारच्या गाळ्यावर भाव चढा आहे हें समजलें, तरी त्या समजण्याचा उपयोग हळहळण्यापलीकडे होत नसे. उचल देणाऱ्या दलालाची बाजूहि सांगितली पाहिजे: पतपेढी जेथें दारांत उभें करीत नव्हती तेथें त्यानेंच पैसा पुरविला, आणि अवकाळी पावसानें मोहोर झडला त्या वर्षीं बुडीतहि त्यानेंच सोसलें.

महाराष्ट्राचा बाजार समित्यांचा कायदा सन १९६३ चा. मुंबईची समिती १९७७ मध्यें स्थापन झाली, आणि मार्च १९९६ मध्यें फळांचा घाऊक व्यापार क्रॉफर्ड मार्केटांतून वाशीस गेला. नव्या जागेंत गाळे मोठे, मालमोटारींना रस्ते रुंद. नियमांप्रमाणें लिलाव उघड व्हावयाचा, गुप्त खुणा निषिद्ध. रुमाल मात्र व्यापाऱ्यांबरोबर खाडीपलीकडे गेला, आणि आंब्याच्या हंगामांत वाशीच्या गाळ्यांवर तो त्यानंतरहि बराच काळ दिसत राहिला. कायद्यानें जागा बदलतां येते. पहांटे चार वाजतां दोन माणसांच्या हातांवर कापड पडूं न देणें, हें त्याला जमलें नाहीं.

जुलै २०१६ मध्यें सरकारनें फळें व भाजीपाला समित्यांच्या सक्तींतून मोकळा केला, आणि आडत शेतकऱ्याऐवजीं खरेदीदाराकडून घ्यावी असें ठरविलें. व्यापाऱ्यांनीं बाजार बंद ठेवून विरोध केला. पण निर्णय टिकला. पट्टीवरील वजाबाकीची एक ओळ त्यामुळें खोडली गेली, निदान कागदावर तरी.

त्या मोकळीकीचा मोठा अनुभव आला तो सन २०२० च्या उन्हाळ्यांत. साथीमुळें हिंडण्याफिरण्यावर बंदी, वाशीचा बाजार मे महिन्यांत कांहीं दिवस पूर्ण बंद, आणि झाडावर हापूस तयार. कोंकणांतल्या अनेक बागायतदारांनीं पेट्या गाडींत भरून थेट मुंबईच्या व उपनगरांच्या गृहसंकुलांच्या फाटकांशीं नेऊन उतरविल्या. मागणी दूरध्वनीवरून, पैसेहि त्यावरूनच. दलाल नाहीं, पट्टी नाहीं, रुमाल नाहीं. ज्या घरांनीं आजवर फक्त डझनाचा भाव ऐकला होता त्यांना पेटी किती डझनांची असें विचारावें लागतें हें त्या हंगामांत कळलें, आणि बागायतदाराला खाणाऱ्याचें नांव प्रथमच कळलें. पुढच्या वर्षीं पेट्या पुन्हां वाशीस जाऊं लागल्या, कारण हजारों पेट्या एका रात्रींत घेणारी दुसरी जागा नाहीं. कांहींजणांनीं थेट विक्री चालू ठेविली. दारांत उतरविलेल्या पेटीची किंमत सांगण्यापूर्वीं ते आजहि भ्रमणध्वनीवर त्या सकाळचा वाशीचा भाव पाहून घेतात.