शशिकला आणि दुष्ट स्त्रीची भूमिका

अक्कलकोट संस्थान १९४८ साली विलीन होऊन सोलापूर जिल्ह्यात आले. या जिल्ह्याची कीर्ती स्वामी समर्थांच्या समाधीने आणि सोलापूरच्या मागांनी दूरवर नेली आहे. याच मुलखातील गावोगावी बालपणी रंगमंचावर नाचून-गाऊन जिने कलेचा श्रीगणेशा केला, त्या शशिकलाबाईंच्या कार्याचा विचार आम्ही येथे करणार आहो.

शशिकला जवळकर यांचा जन्म ४ ऑगस्ट १९३२ रोजी सोलापुरास झाला. वडिलांचा व्यापार बुडाल्यावर कुटुंब मुंबईस आले, आणि नूरजहान यांच्या ओळखीने ‘झीनत’ (१९४५) या बोलपटातील कव्वालीच्या प्रसंगात त्यांना काम मिळाले. व्ही. शांताराम यांच्या ‘तीन बत्ती चार रास्ता’त (१९५३) त्या दिसल्या. बिमल रॉय यांच्या ‘सुजाता’त (१९५९) अस्पृश्य कुळात जन्मलेल्या मुलीस सख्ख्या बहिणीप्रमाणे मानणारी रमा त्यांनी वठविली. परंतु त्या सौजन्यास पारितोषिक लाभले नाही. ‘आरती’तील (१९६२) घर पोखरणारी जाऊ आणि ‘गुमराह’मधील (१९६३) लीला या दोन दुष्ट भूमिकांनी मात्र त्यांना सहाय्यक अभिनेत्रीचे फिल्मफेअर पारितोषिक दोनदा मिळवून दिले.

यांपैकी ‘गुमराह’चे कथानक विचार करण्याजोगे आहे. विवाहित नायिका आपल्या पूर्वीच्या प्रियकरास चोरून भेटते. लीला आपण त्या प्रियकराची पत्नी असल्याचे भासवून नायिकेस धाक घालते व तिच्याकडून पैसे उकळते. शेवटी उघड होते की लीला ही नायिकेच्या पतीचीच सेक्रेटरी असून हा सारा बनाव त्यानेच रचला होता. म्हणजे योजना पतीची, लीलेने केवळ चाकरी बजावली! तरीही तो पती क्षमाशील ठरतो आणि प्रेक्षकाच्या मनात सलते ती लीला. ललिता पवार यांनी रंगविलेली खाष्ट सासू जुन्या घरातील होती. ही नव्या युगातील, कचेरीत नोकरी करणारी तरुणी होती. मध्यमवर्गास अशा स्त्रीचे जे भय वाटे, तेच त्याने पडद्यावर पाहिले, असे आम्हांस वाटते.

या भयाला शशिकलाबाईंनी चेहरा दिला, आणि तोच शिक्का पुढे दीर्घकाळ त्यांच्यावर राहिला. ‘अनुपमा’तील (१९६६) खेळकर मैत्रीण त्यांनी तितक्याच सहजतेने रंगविली होती, तथापि लोकांस आठवे ती खलनायिकाच. मध्यंतरी त्यांनी मदर तेरेसा यांच्या संस्थेत सेवाही केली. उतारवयात ‘कभी खुशी कभी गम’ (२००१) यांसारखे चित्रपट व ‘सोनपरी’सारख्या दूरचित्रवाणी मालिका यांतून त्या नव्या पिढीस परिचित झाल्या. २००७ साली त्यांस पद्मश्री मिळाली, आणि ४ एप्रिल २०२१ रोजी मुंबईस त्यांचे निधन झाले.

चित्रपटांचा इतिहास बहुधा नायक-नायिकांच्या नावांनी लिहिला जातो. परंतु त्या त्या काळच्या समाजास कोणाची भीती वाटत होती हे जाणावयाचे असेल, तर अशा दुय्यम भूमिकांकडेच पाहिले पाहिजे. ‘गुमराह’ पुन्हा पाहताना वाचकांनी लीलेबरोबर तिच्या धन्याकडेही एकवार नीट पाहावे.